धुईपेठेचे पाच वारे

१

मंगळवारी संध्याकाळी अब्बांचा फोन आला तेव्हा मी मेथी निवडत होते. धुईपेठेत ढग बाजूला असतील तरच रेंज मिळते, त्यामुळे अब्बांच्या फोनला ठरलेली वेळ नसे. आभाळ मोकळं झालं की ते फोन करत.

"उद्या प्रेमराज येतोय," ते म्हणाले. "शिंदखेड्याचा. कापूसवाला."

"किती मागतोय?"

"मागेल तो पाचही. कापसाच्या गाठीसारखा माणूस आहे. बाहेरून घट्ट दाबलेला, सोडला की खोलीभर."

मी हसले. "मग तुम्ही किती देणार?"

"एक बोट. बुधवारचा वारा तसाही लंगडा चालतो, तो घेऊन जाऊ दे. बाकीचे चार माझ्या माणसांना लागतात."

मग त्यांनी मी जेवले का विचारलं. फुफीच्या गुडघ्यांचं विचारलं. खाली जळगावात मेथी काय भाव आहे हेही विचारलं. मी सांगत होते तेवढ्यात ढग आला असावा, फोन कटला. मी पुन्हा मेथी घेतली.

तो दिवस एवढाच होता.

तापीच्या खोऱ्यावर लटकलेल्या चार पेठांपैकी धुईपेठ सगळ्यांत खालची आणि सगळ्यांत लहान. वस्ती साठ माणसांची. सावद्याच्या तळावरून वेताचे पाळणे वर चढतात ते वाऱ्याच्या बळावर, आणि चढणारे वारे मोजकेच असतात. कोणत्या पेठेला आठवड्याचे किती वारे, हे आभाळाचं महाजन ठरवतं. महाजन म्हणजे व्यापाऱ्यांची जुनी पंचायत, तिची कचेरी धुळ्याला. धुईपेठेच्या वाट्याला पाच वारे होते आणि अब्बा, असलम वारेदार, तेवीस वर्षं त्यांची राखण करत होते.

वारे विकायचे ते रुमालाखाली, बैलबाजारात विकतात तसे. तिसरं माणूस रुमाल धरतं. देणारा घेणाऱ्याची बोटं धरतो. जेवढी बोटं, तेवढे वारे. दोघांनी तोंडं फिरवायची, म्हणजे चेहऱ्यावरून मन कळत नाही. बोलायचं नाही. आणि बोटं धरणाऱ्याने आपणहून हात सोडला की सौदा पक्का. मग खुद्द महाजनालाही तो मोडता येत नाही. लहानपणी अब्बा हे मला टॉवेलखाली शिकवायचे. बोरांचे सौदे करायचो आम्ही.

बुधवारी अकराच्या सुमाराला पाळणेवाल्या लोटनचा फोन आला. अब्बा गेले होते. ओट्यावर, खांबाला टेकून बसल्या बसल्या.

गुरुवारच्या वाऱ्याने मी वर गेले. माझ्यासाठी पेठेने माती थांबवली होती. शनिवारी खाली आले तर दारात महाजनाचं पत्र पडलेलं. असलम वारेदार यांनी दिनांक अमुक रोजी रुमालाखाली पाचही वारे प्रेमराज शेठ यांना दिले असून ते वरच्या निळोण पेठेकडे वळवण्यात येत आहेत. येत्या एक तारखेपासून धुईपेठेचा पाळणा बंद. रहिवाशांनी त्याआधी खाली यावं.

एक तारखेला सतरा दिवस होते. त्यानंतर अब्बांच्या कबरीपर्यंत जायला कुणालाच वाट राहणार नव्हती.

२

"एक बोट म्हणाले होते," मी फुफीला सांगितलं. "फार तर एक."

रहिमाबी, माझी फुफी, अब्बांची बहीण, गुडघ्याला तेल चोळत होती. आई गेली तेव्हा मी अकरा वर्षांची होते. त्याच वर्षी अब्बांनी वारेदारी घेतली आणि मला शाळेसाठी फुफीकडे ठेवून ते वर गेले. तेव्हापासून हे घर माझं. आता मी वाचनालयात नोकरी करते, पगार आणते, आणि अजूनही तिच्याच शेजारी झोपते.

"माणसाचं मन बदलतं, बेटा," ती म्हणाली.

"एका रात्रीत?"

"एका रात्रीत कशाला? मागच्या महिन्यात मला विचारत होता, मागची खोली रिकामी आहे का म्हणून. चुना मारून ठेव म्हणाला. मी म्हटलं, कोणासाठी? तर म्हणे, येईल माणूस." तिने तेलाची वाटी बाजूला सरकवली. "तो खाली येणार होता. तेरे वास्ते. म्हणून पाचही देऊन टाकले. समजत कसं नाही तुला?"

मी मागच्या खोलीत गेले. चुना खरंच मारलेला होता. एक खाट, एक खुंटी, आणि खिडकीत नवी जाळी.

मी त्या खाटेवर बराच वेळ बसले. फुफीचं खरं असेल तर अब्बांनी शेवटचं काम माझ्यासाठी केलं होतं. पत्र घडी घालून ठेवायचं, एक तारीख येऊ द्यायची, आणि आयुष्यभर असं म्हणायचं की ते माझ्याकडे यायला निघाले होते. मला कुणी दोष दिला नसता.

पण मग फोनवर 'माझ्या माणसांना लागतात' असं ते का म्हणाले? अब्बा प्रेमराजशी खोटं बोलू शकले असते, तो त्यांचा धंदा होता. माझ्याशी खोटं बोलण्याचं त्यांना कारण नव्हतं.

सकाळी मी सावद्याची बस धरली.

३

तळावर केळीचे घड चढत होते. लोटन दोर तपासत होता. चाळिशीचा बडबड्या माणूस. मला पाहून बडबड थांबली.

"लोटनभाऊ, त्या दिवशी तुम्ही तिथे होतात?"

"होतो म्हणजे, येत जात होतो. शेठला मीच वर नेलं ना. भिकुबाई रुमाल पसरत होती तेव्हा मी असलमचाचांच्या बाजूला चहा ठेवला आणि गेलो. सौदा चालू असताना थांबत नाही आपण."

"मग?"

"मग पाळण्याजवळ आलो. दोन-तीन मिनिटं झाली असतील, भिकुबाईची हाक ऐकली, 'झालं'. शेठ झपझप आला आणि पाळण्यात बसला. वारा पडायच्या आत उतरवायचं होतं त्याला. चाचांकडे पाहिलं तर खांबाला टेकून बसलेले. मी हात केला."

"त्यांनी केला?"

लोटनने दोर खाली ठेवला. "नाही. म्हटलं, डोळा लागला असेल. शेठला खाली सोडून पुढच्या झुळकीने परत गेलो, अर्धा तास लागला. तेव्हा हात लावला तर..." त्याने दोर पुन्हा उचलला. "सौदा झाल्यावर गेले ते, नाजमीन. शांतपणे गेले. तू उगाच डोक्यात काही घेऊ नको."

"चहाचं काय झालं?"

"कोणता चहा?"

"तुम्ही ठेवलेला."

"तसाच होता की. साय धरली होती जाड. मीच ओतला."

अब्बा चहा कपात निवू देत नसत. जीभ भाजेल म्हणून आई ओरडायची, मग मी ओरडायचे. सौद्याच्या वेळी तोंड बंद ठेवावं लागतं, म्हणून हात सुटला की त्यांची पहिली झडप कपावर. सौदा झाल्यावर अर्धा तास ते चहाशेजारी बसून होते आणि त्यांनी तो उचलला नाही.

"लोटनभाऊ, मला वर न्या."

"आज? आजचा वारा केळीचा आहे."

"मी केळीत बसेन."

४

वरपर्यंत वीस मिनिटं लागतात. मी घडांच्या मधे गुडघे पोटाशी घेऊन बसले होते. खाली तापी दिसत होती, मग नुसता पांढरेपणा. इतकी वर्षं अब्बांनी ही वाट किती वेळा एकट्याने चढली असेल, हा हिशेब मी कधी केला नव्हता.

भिकुबाई धुईपेठेची रुमालवाली. सत्तरीची. तिने मला ओट्यावर बसवलं, अब्बा बसायचे त्याच्या समोर. तो खांब मोकळा ठेवला होता. कुणी तिथे टेकत नव्हतं.

"अक्का, पाच बोटं धरली हे तुम्ही पाहिलं?"

"रुमालखाले कोन पाहस, पोरी? मी रुमाल धरस, बस."

"मग 'झालं' कशावरून म्हणालात?"

"शेठना हात बाहेर उना म्हनीसन."

"शेठचा. अब्बांचा नाही?"

मग तिने पेटीतून रुमाल काढून माझ्या मांडीवर ठेवला. जुना, तांबडा, चौकड्यांचा. एका कडेची शिवण वीतभर उसवली होती.

"चाळीस वरीस झाये, कधी असं नही व्हयनं," ती हळू म्हणाली. "हात निंघतस ते सावकाश. त्या दिनले हिसका बसना. मना हातमाईन एक कोना निंघी गया. मंग मी रुमाल घडी कराले गऊ, तर तुना बाप सोडेना. मूठमा कोना धरी ठेयेल. माले वाटनं, सौदा मनसारखा नही व्हयना, रुसना व्हई. ऱ्हाऊ दे म्हटलं. तसाच मांडीवर टाकी दिन्हा."

"मग परत कधी मिळाला?"

"आंग धोवाले लिन्हं तवय. बोटं उघाडनी पडनी."

वारा येऊन गेला. खाली कुठेतरी बकरी ओरडली. भिकुबाई रुमालावरचा हात काढेना.

"अक्का, अजून एक विचारू? अब्बा खाली येणार होते का? आमच्याकडे खोलीला चुना मारायला सांगितला होता."

"ती खोली?" तिचा चेहरा जरा सैल झाला. "ती मनी नातसाठे. यंदा अकरावीले जाई जळगावले. मी म्हटलं, वसतिगृहमा टाकू. तुना बाप आयकेना. म्हने, पोर एकली ठेवानी नही. तिनी मायबी संगे जाई, तवयच मी खोली करी देस. माले तर गालीच दिन्ही, एकली ठेवानी नही म्हनीसन."

मी उठले आणि ओट्याच्या कडेला जाऊन उभी राहिले. तिथून खाली काहीच दिसत नाही.

अब्बा खाली येणार नव्हते. एवढं कळलं. आता एकाच माणसाला भेटायचं राहिलं होतं.

५

शिंदखेड्याला प्रेमराज शेठच्या ओसरीत कापसाची धूळ होती. साठीचा, रुंद, आवाज मोठा.

"बस, बेन. च्या लेशी ना? तुना बाप गया, वाईट व्हयनं. चांगला मानूस व्हता."

"शेठ, सौदा कसा झाला?"

"कसा म्हंजे? त्यानी मनी पाचही बोटं धरात. बठ्ठा सौदा. मी खोटं नही बोलस."

"तुम्हाला आश्चर्य नाही वाटलं?"

"वाटनं ना. पन रुमालखाले इचारता येस का?"

चहा आला. त्याने बशी डाव्या हाताने उचलली. उजवा हात मांडीखाली होता. पाहुण्यासमोर हात असा कुणी ठेवत नाही.

"हाताला काय झालं?"

"गाडीना दारमा सापडना."

"बघू."

"त्यामा काय पाहानं शे?" तो हसला, पण हात काढला. दोन बोटांना पट्टी बांधली होती, आणि बोटं अजून सुजलेली. पंजाच्या मागच्या बाजूला, पट्टीच्या वर, चार लहान खपल्या होत्या. चारही अर्धगोल, एका ओळीत. अंगठ्याच्या मुळाशी पाचवी.

मी चहा संपवला. गाडीचं दार आडवी एक रेघ काढतं. चार चंद्रकोरी काढत नाही.

"शेठ, परवा धुळ्याला महाजन बसतंय. मी अर्ज दिलाय. तुम्ही याल ना?"

"येसू ना. माले कसानी भीती?" तो म्हणाला. आवाज मोठाच होता. पण मी फाटकापर्यंत गेले तरी तो हात पुन्हा मांडीखाली घालून तसाच बसला होता.

६

महाजनाच्या कचेरीत गाद्या काढून खुर्च्या आल्यात, एवढाच काय तो फरक झालाय. मुखी चुडामण नाना पंचांच्या मधे बसले. बाजूला प्रेमराज. लोटन आणि भिकुबाई दाराशी.

"तुझं म्हणणं काय आहे?" नानांनी विचारलं. "शेठ खोटं बोलतो?"

"नाही. अब्बांनी त्यांची पाचही बोटं धरली."

प्रेमराजने मान वर केली. त्याला हे अपेक्षित नव्हतं.

"मग संपलं की," नाना म्हणाले. "आणि मला एक सांग. गेल्या तीन वर्षांत तू वर किती वेळा गेलीस?"

"एकदा. ईदला."

"आणि आता मातीला. मग ती पेठ राहिली काय नि गेली काय, तुझं काय अडतं?"

या प्रश्नाला माझ्याकडे उत्तर होतं, पण ते त्या खोलीत देण्यासारखं नव्हतं. मी म्हणाले, "नाना, नियम काय आहे? सौदा पक्का कधी होतो?"

"धरणाऱ्याने आपणहून हात सोडला की."

"अब्बांनी सोडला नाही."

खोलीत हालचाल झाली. मी सांगत गेले.

"रुमाल पसरताना लोटनभाऊंनी चहा ठेवला. हात सुटल्याबरोबर चहा पिणारा माणूस तो, इथल्या प्रत्येकाने पाहिलंय. चहाला साय धरली. म्हणजे सौद्यानंतर त्यांनी एकदाही हात हलवला नाही. भिकुअक्कांनी 'झालं' म्हटलं ते शेठचा हात बाहेर आला म्हणून. तो हिसक्याने आला. अब्बांचा हात बाहेर आलाच नाही. तो रुमालातच राहिला, कोपरा मुठीत घेऊन, आणि मयताला आंघोळ घालताना बोटं उघडावी लागली. आणि शेठच्या पंजावर पाच नखं उमटलीत. सौद्यात बोटं धरतात ती अलगद. एवढ्या जोराने कुणी वारे देत नाही."

"मग काय धरलं त्याने?" नानांनी विचारलं.

"जे जवळ होतं ते. छातीत कळ आली तेव्हा हातात शेठचा हात होता. बोलायचं नाही हा नियम, म्हणून ते बोलले नाहीत. तोंड फिरवायचं हा नियम, म्हणून कुणी त्यांच्याकडे पाहिलं नाही. त्यांनी एक बोट धरलं होतं की धरायचं होतं, ते आता कळणार नाही. पण पाच बोटं हा सौदा नव्हता."

नानांनी प्रेमराजकडे पाहिलं. प्रेमराज आपल्या हाताकडे पाहत होता. मग त्याने पट्टी सोडायला सुरुवात केली, सावकाश, एकेक वेढा.

"त्यानी हात सोडा नही," तो म्हणाला. आवाज पहिल्यांदाच लहान होता. "मीच काढा. माले वाटनं, म्हातारा घासाघीस करी राहिना. तोंड फिरायेल व्हतं मनं. मी वढा. जोर करीसन वढा."

"हे आधी का नाही सांगितलंस?"

"लोटनना फोन उना तवय समजनं माले. मंग कसं सांगू, नाना? मरता मानूसना हातमाईन मी मना हात सोडाई लिन्हा. त्यानापेक्षा सौदा व्हयना असं म्हननं सोपं व्हतं." त्याने माझ्याकडे पाहिलं नाही. "माले वारा नको. एकबी नको."

चुडामण नानांनी पत्र मागवून घेतलं आणि त्यावर आडवी रेघ मारली. धुईपेठेचे पाच वारे धुईपेठेकडेच राहिले.

बाहेर जिन्यावर प्रेमराज माझी वाट पाहत होता.

"शेठ," मी विचारलं, "हात गरम होता का त्यांचा?"

त्याने मान हलवली. "गरम व्हता."

मी त्याच्या उजव्या हातावर हात ठेवला. मग खाली उतरले.

७

जळगावला परतल्यावर फुफीला सगळं सांगितलं. ती रडली. "म्हणजे तो येणार नव्हता," ती म्हणाली. मी म्हटलं, नव्हता. हे मीच दहा माणसांसमोर पटवून देऊन आले होते. त्या रात्री मागच्या खोलीतल्या खाटेवर मी नवी चादर घातली. भिकुबाईची सून आणि नात सोमवारी येणार होत्या.

बुधवारच्या लंगड्या वाऱ्याने मी वर गेले. पाळणा दोनदा थांबला.

कबर पेठेच्या वरच्या टोकाला आहे. माती अजून ओलसर होती आणि तिच्यावर कुणीतरी दगड नीट रचले होते. खाली गावात कुणी कपडे आपटत होतं. मी फातिहा वाचला, पाणी शिंपडलं, आणि निघायच्या बेताने उठले. मग पुन्हा बसले.

महाजनात नानांनी विचारलेल्या प्रश्नाचं उत्तर मी तेवीस वर्षं कुणाला दिलं नव्हतं. अब्बा मला फुफीकडे ठेवून गेले तेव्हा मी रडले नाही म्हणून सगळे मला शहाणी म्हणायचे, अब्बाही म्हणायचे, आणि शहाण्या मुलीने काय मागायचं नसतं हे मला तेव्हाच कळलं होतं. मोठी झाल्यावर वर न जायला मी कारणं शोधत राहिले. कामं, परीक्षा, ढग. तिथे गेले असते तर ते उत्तर तोंडातून निघून गेलं असतं.

आजूबाजूला कुणी नव्हतं. तरी मी मोठ्याने बोलले, ऐकू जावं इतक्या मोठ्याने.

"अब्बा, मला शाळा नको होती. मला तुमच्याबरोबर वर यायचं होतं. फुफीकडे मी एकटी होते. फार एकटी होते, अब्बा."